वाचनालयातून आलेला आवाज

शिकागो शहराच्या मध्यभागी हॅरॉल्ड वॉशिंग्टन यांच्या नावाचं सार्वजनिक ग्रंथालय आहे. २००९ साली तिथे किशोरवयीन मुलांसाठी यूमीडिया नावाचं एक दालन उघडलं. पुस्तकं तर होतीच, शिवाय संगणक, कॅमेरे, गाणी ध्वनिमुद्रित करण्याची सोय आणि एक मायक्रोफोन. दर आठवड्याला तिथे ओपन माइक भरायचा. ज्याला जे लिहिलंय ते त्याने उभं राहून म्हणायचं, बाकीच्यांनी ऐकायचं. माइक हॉकिन्स नावाचे कवी मुलांवर लक्ष ठेवून असत. सगळी मुलं त्यांना 'ब्रदर माइक' म्हणत. शाळा सुटल्यावर येणाऱ्या त्या गर्दीत चान्स द रॅपर होता, व्हिक मेन्सा होता, साबा आणि मिक जेन्किन्स होते. पुढच्या पाचसात वर्षांत ही नावं अमेरिकाभर पोचली. त्याच गर्दीत ब्रॉन्झव्हिल या वस्तीतून येणारी फातिमा वॉर्नर होती. तिचा जन्म १९९१ चा. नोनेम या नावाने ती कविता म्हणू लागली, मग रॅप करू लागली. हे पुस्तक तिच्या कारकिर्दीबद्दल आहे.

मोजदाद करायला गेलं तर ही कारकीर्द छोटी वाटेल. २०१६ मध्ये 'टेलिफोन', २०१८ मध्ये 'रूम ट्वेंटीफाइव्ह', २०२३ मध्ये 'सनडायल', म्हणजे सात वर्षांत गाण्यांचे तीन संग्रह. मागे कुठली मोठी कंपनी नाही. तिच्याहून कितीतरी जास्त खपणाऱ्या, मोठमोठी मैदानं भरवणाऱ्या रॅपर स्त्रिया आज आहेत. तरीही मराठीत रॅपर स्त्रियांवर पुस्तक लिहायचं तर ते नोनेमवरच, असं मला वाटलं. हिप-हॉप आणि स्पोकन वर्ड, म्हणजे मंचावर बोललेली कविता, हे दोन प्रवाह तिच्यात इतके एकजीव झाले आहेत की तिचा माग काढताना दोन्हींचा अर्धशतकाचा इतिहास सांगावा लागतो. दुसरं कारण माझ्या दृष्टीने अधिक मोलाचं आहे. ग्रंथालयाने दिलेल्या माइकवर ही मुलगी बोलायला शिकली, आणि नाव झाल्यावर तिने आपला वेळ आणि पैसा एका ग्रंथालयाकडेच वळवला. स्त्रियांच्या हिप-हॉपची चर्चा बहुतेक वेळा कपडे, भांडणं आणि खपाचे आकडे यांच्याभोवती घुटमळते. मला ती खोल्यांभोवती करायची आहे. बाईचा आवाज कुठल्या खोलीत तयार होतो आणि त्या खोलीची किल्ली कोणाकडे असते, हे पाहिल्याशिवाय हा इतिहास हाती लागत नाही.

पहिली खोली न्यूयॉर्कमधल्या ब्रॉन्क्स भागातली. ११ ऑगस्ट १९७३ रोजी १५२०, सेजविक ॲव्हेन्यू या इमारतीच्या सामाईक दालनात एक पार्टी झाली. हिप-हॉपचा जन्मदिवस म्हणून जग ही तारीख साजरी करतं आणि श्रेय देतं क्लाइव्ह कॅम्पबेल ऊर्फ डीजे कूल हर्क याला. दोन तबकड्या वापरून गाण्यातला नाचायला सर्वांत जोरकस असलेला तालाचा तुकडा लांबवत न्यायचा, ही युक्ती त्याची, यात वाद नाही. पण ती पार्टी ठरवली त्याच्या बहिणीने. सिंडी कॅम्पबेलला शाळा सुरू होण्याआधी नवे कपडे घ्यायला पैसे हवे होते. तिने दालन ठरवलं आणि आमंत्रणं वाटली. मुलींना पंचवीस सेंट, मुलांना पन्नास सेंट असं तिकीट लावलं. हिप-हॉपचा पहिला कार्यक्रम एका शाळकरी मुलीने भरवला होता. इतिहास सांगताना हे वाक्य सहसा तळटीपेत जातं. इथे मी ते वर आणलं आहे, कारण पुढेही असंच घडत राहिलं.

शॅ-रॉक ही 'फंकी फोर प्लस वन' या गटातली एकुलती एक मुलगी. १९८१ च्या फेब्रुवारीत हा गट 'सॅटर्डे नाइट लाइव्ह' या कार्यक्रमात झळकला, तेव्हा राष्ट्रीय दूरचित्रवाणीवर येणारा तो पहिला हिप-हॉप गट होता. त्याआधी, १९७९ मध्ये, 'रॅपर्स डिलाइट' ही तबकडी काढून हे सगळं गल्लीतून बाजारात नेलं ते सिल्व्हिया रॉबिन्सन या गायिका-निर्मातीने. त्याच वर्षी तिच्याच कंपनीने 'द सीक्वेन्स' या दक्षिण कॅरोलायनाच्या तीन मुलींच्या गटाचं गाणं काढलं. म्हणजे पायाचे दगड घालणाऱ्यांत बायका होत्या. इमारतीवरच्या पाटीवर मात्र त्यांची नावं उशिरा लागली.

१९८४ मध्ये क्वीन्सब्रिज या सरकारी गृहवसाहतीतली चौदा वर्षांची रॉक्सान शांते एका वादात उतरली. यूटीएफओ नावाच्या मुलांच्या गटाने एका गाण्यात, आपल्याला दाद न देणाऱ्या रॉक्सान नावाच्या मुलीबद्दल तक्रार केली होती. शांतेने त्या मुलीच्या बाजूने उत्तर दिलं, तेही कागदावर न लिहिता, माइकसमोर उभं राहून. मग त्या उत्तराला उत्तरं आली, उत्तरांच्या उत्तरांना उत्तरं आली, डझनावारी तबकड्या निघाल्या. कलगी-तुऱ्याचे सवाल-जवाब ज्यांनी ऐकले आहेत त्यांना यातली गंमत आणि ईर्षा वेगळी समजावून सांगायला नको. फरक इतकाच की इथे जवाब देणारी मुलगी स्वतःच, स्वतःच्या शब्दांत आणि स्वतःच्या वयाच्या आवाजात बोलत होती. रॅपमधल्या 'बॅटल' या घराण्यात बाईचं स्थान तिने पक्कं केलं.

त्यानंतरचा दशकभराचा काळ भराभर सांगता येतो. १९८८ मध्ये एमसी लाइट हिने पूर्ण लांबीचा स्वतंत्र संग्रह काढला, एकट्या रॅपर स्त्रीचा पहिला. १९८९ मध्ये क्वीन लतिफा आली आणि तिने बायकांना दिल्या जाणाऱ्या शिव्यांचा जाब गाण्यातून विचारला. सॉल्ट-एन-पेपा यांनी लैंगिकतेविषयी मोकळेपणाने बोलायचा हक्क बजावला. १९९६ च्या नोव्हेंबरात लिल किम आणि फॉक्सी ब्राउन यांचे पहिले संग्रह काही दिवसांच्या अंतराने आले आणि समीक्षकांनी तेव्हापासून रॅपर स्त्रियांचे दोन कप्पे केले. एकीकडे 'जाणिवेच्या', दुसरीकडे 'देहाच्या'. ही विभागणी मला कधीच पटलेली नाही. ती करणारे बहुतेक पुरुष होते आणि पुरुष रॅपरांना त्यांनी ती कधी इतक्या काटेकोरपणे लावली नाही. जोन मॉर्गन या पत्रकार लेखिकेने १९९९ मध्ये 'हिप-हॉप स्त्रीवाद' ही संज्ञा रूढ केली. जे संगीत आपल्याला दुखावतं त्याच्यावरच आपलं प्रेम असतं, हे मान्य करून विचार करायला तिने शिकवलं. ट्रिशा रोझ यांचं 'ब्लॅक नॉइज' हे १९९४ चं पुस्तक आणि मॉर्गनचं लेखन, या दोन वाटांनी अभ्यासक या विषयात आले. मीही त्याच वाटांनी आले.

१९९९ च्या ग्रॅमी सोहळ्यात लॉरिन हिलला एका रात्रीत पाच पुरस्कार मिळाले. त्यातला एक वर्षातल्या सर्वोत्कृष्ट संग्रहाचा होता आणि तो मिळवणारा तो हिप-हॉपमधला पहिला संग्रह ठरला. आता दारं उघडली, असं सगळ्यांना वाटलं. पण मोठ्या कंपन्यांनी त्यानंतर एका वेळी एकाच रॅपर बाईला जागा द्यायची, असं ठरवल्यासारखंच वागणं ठेवलं. नवी आली की जुनीशी तिचं भांडण लावून द्यायचं. मिसी एलियट आपल्या कल्पकतेच्या बळावर या चौकटीबाहेर राहिली, पण तो अपवाद. सर्वोत्कृष्ट रॅप संग्रहाचं ग्रॅमी एकट्या स्त्रीला मिळायला २०१९ उजाडावं लागलं, ते कार्डी बीला मिळालं. नोनेमने मोठी कंपनी का टाळली, याचं उत्तर शोधायला फार लांब जायला नको.

दुसरा प्रवाह बोललेल्या कवितेचा. १९ मे १९६८ रोजी, माल्कम एक्स यांच्या जन्मदिनी, हार्लेममधल्या एका बागेत काही कृष्णवर्णीय तरुणांनी ढोलाच्या साथीने कविता म्हटल्या. 'द लास्ट पोएट्स' या गटाची ती सुरुवात. रॅपची वंशावळ सांगताना या गटाचं आणि गिल स्कॉट-हेरॉन यांचं नाव हमखास येतं. निक्की जोव्हानी यांनी १९७१ मध्ये चर्चमधल्या समूहगायनाच्या साथीने आपल्या कवितांची तबकडी काढली, जेन कॉर्टेझ स्वतःच्या वाद्यवृंदाबरोबर कविता सादर करत, सोनिया सांचेझ यांचा आवाज कवितेच्या मधेच गाण्यात, हुंकारात, किंकाळीत जाई. ही नावं मात्र त्या वंशावळीतून गळतात. न्तोझाके शांगे यांनी तर कविता आणि नृत्य यांचं एक नवं नाट्यरूपच घडवलं. ते १९७६ मध्ये ब्रॉडवेवर आलं, त्यात सात कृष्णवर्णीय स्त्रिया होत्या आणि त्या स्वतःबद्दल बोलत होत्या. आजची कुठलीही स्पोकन वर्ड कलावती, तिला ठाऊक असो वा नसो, या बायांच्या खांद्यावर उभी आहे.

याच प्रवाहाला शिकागोत १९८६ मध्ये एक वेगळं वळण मिळालं. मार्क स्मिथ हा बांधकामावर काम केलेला कवी. विद्यापीठातल्या गंभीर काव्यवाचनांचा त्याला कंटाळा होता. 'ग्रीन मिल' या जुन्या जॅझ क्लबात त्याने कवितांची चुरस सुरू केली. तिला स्लॅम म्हणतात. नियम साधे. कविता स्वतःची हवी, वेळ तीन मिनिटं, आणि परीक्षक म्हणून समोरच्या गर्दीतून कोणीही पाच जण उचलायचे. त्यांनी शून्य ते दहा गुण द्यायचे, सर्वांत वरचा आणि सर्वांत खालचा गुण सोडून बाकीच्यांची बेरीज करायची. कवितेला गुण देणं पोरकट वाटेल, पण त्यामुळे समोरच्या माणसाचं लक्ष टिकवायची जबाबदारी कवीवर आली. राष्ट्रीय स्लॅमचं वैयक्तिक विजेतेपद चार वेळा मिळवणारी पॅट्रिशिया स्मिथ ही याच शहरातली. स्लॅमचा दोषही लगेच दिसू लागला. गुण मिळवणारी एक ठरावीक लय तयार झाली, आवाज चढवण्याच्या जागा ठरल्या, आणि दुःख जितकं उघडं तितके गुण जास्त, असा हिशेब पडला. नोनेमची कविता ऐकताना जाणवतं की तिने ही शाळा केली आणि तिची खोड मात्र घेतली नाही.

हे दोन प्रवाह १९९० च्या दशकात एकमेकांत मिसळले. फिलाडेल्फियाच्या उर्सुला रकर यांची कविता 'द रूट्स' या गटाच्या सलग तीन संग्रहांच्या शेवटी आली. तासभर पुरुषांचं रॅप ऐकल्यावर शेवटचा शब्द एका बाईचा, आणि तोही अंगावर काटा आणणारा. डेट्रॉइटच्या जेसिका केअर मूर यांनी १९९५ मध्ये अपोलो थिएटरची स्पर्धा सलग पाच आठवडे जिंकली. मोठ्या प्रकाशकांची वाट न बघता त्यांनी १९९७ मध्ये स्वतःचं प्रकाशन सुरू केलं.

आणि सारा जोन्स. तिच्या प्रकरणापाशी थांबायलाच हवं. क्रांती बाईच्या देहावरून जाणार नाही, या आशयाची एक कविता तिने लिहिली. गाजलेल्या पुरुष रॅपरांची विधानं घेऊन ती त्यांच्यावरच उलटवली. १९९९ मध्ये डीजे व्हॅडिमच्या संगीतासह ती ध्वनिमुद्रित झाली आणि ऑरेगन राज्यातल्या पोर्टलंडच्या केबू या लोकांच्या वर्गणीवर चालणाऱ्या केंद्राने ती वाजवली. मे २००१ मध्ये अमेरिकेच्या संघीय संपर्क आयोगाने ती अश्लील ठरवून केंद्राला सात हजार डॉलर दंड केला. ज्या पुरुषांच्या ओळींचा तिने समाचार घेतला होता ते देशभर वाजत होते. त्या ओळींना नाही म्हणणारी बाई मात्र अश्लील ठरली. दंडाच्या भीतीने इतर केंद्रांनीही कविता बंद केली. जोन्स २००२ मध्ये आयोगाविरुद्ध न्यायालयात गेली आणि फेब्रुवारी २००३ मध्ये आयोगाला आपला निर्णय फिरवावा लागला. तीच जोन्स पुढे एकपात्री नाट्यप्रयोगांकडे वळली आणि २००६ मध्ये तिला विशेष टोनी पुरस्कार मिळाला. हिप-हॉपमधल्या बाईने 'सभ्य' बोलावं असं सांगणाऱ्यांना मी नेहमी हे प्रकरण वाचायला सांगते.

आता ब्रॉन्झव्हिल. दक्षिणेकडच्या राज्यांतली वर्णद्वेषी राजवट सोडून लाखो कृष्णवर्णीय उत्तरेकडे आले तेव्हा शिकागोच्या दक्षिण भागातल्या या पट्ट्यात त्यांनी घरं केली. दुसरीकडे त्यांना घर मिळूच दिलं जात नव्हतं. या वस्तीला १९३२ मध्ये जॉर्ज क्लीव्हलँड हॉल नावाचं शाखा-ग्रंथालय मिळालं. व्हिव्हियन हार्श त्याच्या प्रमुख झाल्या. शिकागोच्या सार्वजनिक ग्रंथालयात शाखाप्रमुख होणाऱ्या त्या पहिल्या कृष्णवर्णीय. आफ्रिकी-अमेरिकी इतिहास आणि साहित्याचा संग्रह त्यांनी जिद्दीने उभा केला. पुस्तकांवर चर्चेची मंडळं भरवली. लँग्स्टन ह्यूज, रिचर्ड राइट, झोरा नील हर्स्टन तिथे येत. तरुण कवयित्री ग्वेंडोलिन ब्रूक्सही येत. १९५० मध्ये ब्रूक्स यांना पुलित्झर मिळालं, आणि हा पुरस्कार मिळवणाऱ्या त्या पहिल्या कृष्णवर्णीय ठरल्या. १९६७ नंतर त्यांनी रस्त्यावरच्या टोळीतल्या पोरांसाठी कवितेची कार्यशाळा चालवली. न्यूयॉर्कचा प्रतिष्ठित प्रकाशक सोडून डडली रँडल यांच्या डेट्रॉइटमधल्या छोट्या ब्रॉडसाइड प्रेसला पुस्तकं दिली. मुलांच्या कवितांना त्या पदरमोड करून बक्षिसं देत.

ही परंपरा लक्षात घेतली की नोनेम अचानक उगवलेली वाटत नाही. तिची आई ब्रॉन्झव्हिलमध्ये आफ्रोसेंट्रिक बुकस्टोअर नावाचं पुस्तकांचं दुकान चालवत असे. नोनेमचं लहानपण बरंचसं आजी-आजोबांकडे गेलं. ब्रदर माइक यांनी ग्रंथालयात माइक हाती दिला. शिकागोच्या शाळकरी मुलांसाठी २००१ पासून भरू लागलेल्या 'लाउडर दॅन अ बॉम्ब' या काव्यस्पर्धेच्या मंचावर ती उभी राहिली. २०१३ मध्ये चान्सच्या 'ॲसिड रॅप' या संग्रहातल्या एका गाण्यात तिचं कडवं आलं आणि लोक विचारू लागले, ही कोण? तेव्हा ती 'नोनेम जिप्सी' हे नाव लावत असे. 'जिप्सी' हा शब्द रोमा समाजाला अपमानास्पद आहे हे कळल्यावर तिने तो २०१६ मध्ये टाकून दिला.

त्याच वर्षीच्या जुलैत 'टेलिफोन' आला. तेहेतीस मिनिटांचा, फुकट ऐकायला ठेवलेला. त्या काळात शिकागो म्हटलं की 'ड्रिल' या शैलीचं बंदुकीच्या धमक्यांनी भरलेलं रॅप आठवे, आणि बातम्यांत खुनांचे आकडे. नोनेमने तोच मृत्यू विषय केला, पण ती बोलली शेजारच्या खोलीत झोपलेलं मूल उठू नये अशा आवाजात. बीट हलकी, त्यात घंट्यांसारखे सूर, कुठे लहानपणीच्या उन्हाळ्याची आठवण, कुठे न जन्मलेल्या बाळाशी संवाद, कुठे आजी आणि अकाली गेलेले ब्रदर माइक. एका गाण्यात तर कोवळी पोरं शवपेटीत किती सुंदर दिसतात, हे ती इतक्या शांतपणे म्हणते की श्रोत्याला आपण काय ऐकलं ते थोड्या वेळाने कळतं. तंत्र म्हणून पाहिलं तर ती एका श्वासात शब्दांची दाटी करते, यमक ओळीच्या शेवटी न ठेवता मध्येच कुठेतरी सोडून देते आणि तालाच्या किंचित मागून चालते. ओपन माइकवर समोरच्या दहा-पंधरा जणांशी बोलता बोलता ही सवय लागते. स्टुडिओत ती शिकवता येत नाही.

'टेलिफोन'च्या दौऱ्यांतून आलेल्या पैशावर तिने 'रूम ट्वेंटीफाइव्ह' स्वतःच्या खर्चाने काढला. दौऱ्यावरच्या हॉटेलांतल्या खोल्यांवरून ते नाव आलं. फीलिक्स या संगीतकाराचं संगीत, खरी वाद्यं, आणि आता शहर सोडलेली, प्रेमात पडलेली, पस्तावलेली, स्वतःच्या देहाबद्दल बिनदिक्कत बोलणारी तरुणी. 'जाणिवेचं' आणि 'देहाचं' हे दोन कप्पे इथे उघड उघड मोडून पडतात. माझ्या मते तिचं सर्वोत्तम काम हेच.

मग तिला एक गोष्ट खुपू लागली. आपल्यासमोर नाचणारी गर्दी बहुतांशी गोरी आहे आणि ज्यांच्याबद्दल आपण लिहितो ते तिथे नाहीत. हे तिने जाहीरपणे म्हटलं आणि भरपूर टीका ओढवून घेतली. २०१९ मध्ये तिने वाचनमंडळ सुरू केलं. दर महिन्याला गौरेतर लेखकांची दोन पुस्तकं निवडायची, शहराशहरांत मंडळं भरवायची आणि तीच पुस्तकं तुरुंगातल्या वाचकांकडे पाठवायची. २०२१ मध्ये लॉस एंजेलिसमध्ये तिने 'रॅडिकल हूड लायब्ररी' उघडली. व्हिव्हियन हार्श यांच्या चर्चामंडळापासून इथवर नव्वद वर्षं होतात, पण रस्ता एकच आहे.

२०२० च्या जूनमध्ये, जॉर्ज फ्लॉइड यांच्या हत्येनंतर देश पेटलेला असताना, जे. कोल या नामवंत रॅपरने एका गाण्यात तिचं नाव न घेता, तिने लोकांना जरा सबुरीने शिकवावं, असा सूर लावला. दोनच दिवसांत नोनेमने जेमतेम सव्वा मिनिटाचं गाणं काढलं, संगीत मॅडलिबचं. काळ्या बायका मरत असताना तुम्हाला माझ्या बोलण्याच्या पद्धतीवर लिहावंसं वाटलं, हा त्याचा गाभा. फ्लोरिडात एकोणीस वर्षांच्या एका आंदोलक तरुणीचा नुकताच खून झाला होता, तिची आठवण त्यात आहे. नंतर नोनेमने स्वतःच म्हटलं की आपल्या अहंकाराने उचल खाल्ली, त्यात पडायला नको होतं. त्या गाण्याच्या कमाईतला आपला वाटा तिने लोकांनी एकमेकांच्या मदतीसाठी उभारलेल्या निधींना द्यायचं ठरवलं. शांतेच्या काळात उत्तर देणं हीच जीत होती. छत्तीस वर्षांनी उत्तर देणारी विचारते, या उत्तराने कोणाचं भलं झालं?

'सनडायल'मध्ये तिने बड्या कृष्णवर्णीय ताऱ्यांना नाव घेऊन सुनावलं आणि त्याच गाण्यात, नाही म्हणूनही कोचेला महोत्सवात गायल्याबद्दल स्वतःलाही सोडलं नाही. त्याच संग्रहात जे इलेक्ट्रॉनिका या पाहुण्या रॅपरचं एक कडवं आहे. ते ज्यूविरोधी असल्याची टीका झाली. तिने ते काढलं नाही, टीकाही धुडकावली. मला तो निर्णय पटलेला नाही आणि या पुस्तकात मी तसं स्पष्ट लिहिलं आहे. ज्या कलावतीबद्दल आस्था आहे तिच्याबद्दल मौन बाळगलं तर ती आस्था कसली?

हे सगळं मराठीत कशासाठी, असं कोणी विचारेल. आपलं या लोकांशी जुनं नातं आहे. १९७२ मध्ये मुंबईत दलित पँथर स्थापन झाली तेव्हा नाव घेतलं ते ब्लॅक पँथरवरून, आणि त्या पक्षाचा शिकागोतला एकवीस वर्षांचा तरुण नेता फ्रेड हॅम्प्टन त्याआधी तीनच वर्षांपूर्वी पोलिसांच्या छाप्यात मारला गेला होता. म. ना. वानखडे अमेरिकेत शिकून आले आणि त्यांनी आपल्या तरुण लेखकांना तिथलं कृष्णवर्णीय साहित्य वाचायला लावलं. जनार्दन वाघमारे यांनी त्या साहित्य-संस्कृतीवर मराठीत आख्खं पुस्तक लिहिलं. पण या ओळखीत बायकांचे आवाज कमी आले आणि १९७० नंतरचे तर जवळजवळ आलेच नाहीत. दरम्यान आपल्याकडे कडुबाई खरात एकतारी घेऊन भीमगीतं गाऊन घराघरांत पोचल्या, शीतल साठे यांनी शाहिरीची किंमत तुरुंगात मोजली, महादेव कोळी समाजातून आलेली माही जी रॅपमधून जंगल आणि जमिनीबद्दल बोलू लागली, डी एमसी मुंबईच्या पुरुषांनी भरलेल्या सायफरमध्ये शिरली. सायफर म्हणजे रॅपरांनी गोल करून आळीपाळीने म्हणणं. त्या गोलात मुलीला जागा करून घ्यावी लागते, इथेही आणि तिथेही. यांच्यापैकी कुणीही नोनेमची नक्कल नाही, आणि तशी तुलना करायला मी बसलेले नाही. दोन्हीकडचे अनुभव जाणणारा मराठी वाचक मात्र दोन्हीकडचं अधिक बारकाईने ऐकेल, असा माझा विश्वास आहे.

पुस्तकाबद्दल थोडं. हे नोनेमचं चरित्र म्हणून लिहिलेलं नाही. तिच्या खासगी आयुष्यात मी शिरलेले नाही. जे तिने गाण्यांत, मंचावर आणि जाहीरपणे सांगितलं तेवढ्यावरच थांबले आहे. गाण्यांच्या ओळी भाषांतर करून दिलेल्या नाहीत. रॅपची ओळ ताल आणि श्वासातून काढून कागदावर ठेवली की तिचा जीव जातो. त्याऐवजी गाण्यात काय घडतं, आवाज कुठे थांबतो, शब्द कशावर आदळतात, हे सांगायचा प्रयत्न केला आहे. संगीताचं शिक्षण नसलेला वाचक गृहीत धरला आहे. संग्रहांच्या मागेपुढे तिच्या आधीच्या आणि बरोबरच्या बायका येतात. जमिला वूड्स येते, रॅप्सडी येते, लंडनची लिटल सिम्झ येते. काहींवर दोनच परिच्छेद आहेत, काहींवर पानंच्या पानं. ज्यांच्याबद्दल माझ्याकडे सांगण्यासारखं जास्त होतं तिथे मी हात आखडला नाही. २०२३ पासून ग्रॅमीने स्पोकन वर्ड कवितेसाठी स्वतंत्र पुरस्कार सुरू केला आहे, आणि पहिला मिळाला तोही शिकागोच्याच जे. आयव्हीला. पुरस्कारांच्या यादीत रॅप आणि कविता आता वेगळ्या रकान्यांत आहेत. या पुस्तकात त्या एकत्र आहेत.

वाचकांना एक विनंती आहे. पुढचं पान उलटण्याआधी 'टेलिफोन' एकदा ऐकून घ्या. सगळे शब्द कळले नाहीत तरी चालेल. आणि दुसरी विनंती ग्रंथालयांच्या कार्यकारिणींवर असलेल्या वाचकांना. महाराष्ट्रात गावोगावी शासनमान्य ग्रंथालयं आहेत, त्यांतल्या कितीतरी वाचनकक्षांत संध्याकाळी सात नंतर दिवा बंद असतो. आठवड्यातली एक संध्याकाळ मुलामुलींना द्या. एक माइक, थोड्या खुर्च्या, आणि लिहिलेलं म्हणायची मोकळीक. सुरुवातीला मुली येणार नाहीत. त्यांना बोलवायला जा, परतीची सोय करा आणि पहिला माइक त्यांच्या हाती द्या.